म्हाळुंग : ज्यू लोकांचे पूजेचे फळ आणि आपले आरोग्य

लिंबू, संत्रे, मोसंबी, पपनस ही फळे सर्वांच्या परिचयाची आहेत. परंतु यांपैकी लिंबाचे पूर्वज म्हणता येईल असे एक फळ आज बाजारातून जवळजवळ दिसेनासे झाले आहे. ते फळ म्हणजे म्हाळुंग. संस्कृतमध्ये त्याला मातुलुंग किंवा बीजपूर म्हणतात. कोल्हापूरच्या महालक्ष्मीच्या उजव्या खालच्या हातात जे फळ आहे ते म्हाळुंगच. दर्शनाला जाणाऱ्या अनेकांना देवीच्या हातातले फळ ठाऊक असते, पण ते झाडावर कसे दिसते, चवीला कसे लागते हे मात्र ठाऊक नसते.

हेच फळ जगातील आणखी एका समाजाने गेली दोन हजारांहून अधिक वर्षे अत्यंत श्रद्धेने जपले आहे. तो समाज म्हणजे ज्यू अर्थात यहुदी. हिब्रू भाषेत या फळाला 'एत्रोग' म्हणतात. एका फळाभोवती धर्म, औषध, शेती आणि व्यापार यांचे केवढे जाळे विणले जाऊ शकते हे पाहायचे असेल तर एत्रोगइतके चांगले उदाहरण नाही. शिवाय त्यातून आपल्या आरोग्याच्या दृष्टीने घेण्याजोगे काही धडेही आहेत. म्हणून आजच्या लेखात या फळाची माहिती करून घेऊ.

फळाची ओळख

म्हाळुंगाचे झाड लहानखुरे, काटेरी व पसरट असते. पाने मोठी व सुवासिक. फळ लांबट, खडबडीत, पिकल्यावर पिवळे होते. लिंबाची साल पातळ आणि आत रस भरपूर असतो. म्हाळुंगाचे नेमके उलटे आहे. याची साल जाड आणि त्याखालचा पांढरा गर त्याहून जाड असतो. मधला आंबट रसाचा भाग अगदी थोडा. येमेन देशातील एका जातीत तर रसाच्या फोडी जवळजवळ नसतातच, सारे फळ म्हणजे साल व पांढरा गर. फळाचे वजन जातीनुसार शंभर ग्रॅमपासून काही किलोपर्यंत भरते.

वनस्पतिशास्त्रज्ञ याला 'सिट्रस मेडिका' म्हणतात. यातील 'मेडिका' या शब्दाचा औषधाशी संबंध आहे असे पुष्कळांना वाटते. तसे नाही. प्राचीन इराणमधील 'मीडिया' नावाच्या प्रांतावरून ते नाव पडले. ग्रीक लोकांना हे फळ प्रथम त्या बाजूकडून कळले. मात्र फळाचे मूळ घर त्याच्याही पूर्वेला, म्हणजे हिमालयाचा पूर्व पायथा, ईशान्य भारत आणि लगतचा प्रदेश हे आहे. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या लिंबूवर्गीय फळांच्या जनुकीय अभ्यासातूनही या कुळाचा उगम हिमालयाच्या आग्नेय पायथ्याकडे असल्याचे दिसून आले. म्हाळुंग, पपनस आणि मँडरिन संत्रे या मूळ जाती होत. आपले ओळखीचे पिवळे विलायती लिंबू हे म्हाळुंग आणि कडू संत्रे यांच्या संकरातून, तर कागदी लिंबू हे म्हाळुंग आणि दुसऱ्या एका रानटी जातीच्या संकरातून जन्मले. म्हणजे लिंबाच्या घरातला हा आजोबा आहे.

म्हाळुंग पश्चिमेकडे गेले ते इराणमार्गे. फारसीत त्याला तुरंज आणि अरबीत उत्रुज्ज म्हणतात. 'एत्रोग' हा शब्द याच घराण्यातला. जेरुसलेमजवळ रामत राहेल येथे इराणी साम्राज्याच्या काळातील एका राजउद्यानाचे अवशेष सापडले आहेत. तेथील जुन्या गिलाव्यात अडकून राहिलेले परागकण शास्त्रज्ञांनी तपासले तेव्हा त्यात म्हाळुंगाचेही परागकण मिळाले. हा काळ इसवी सनापूर्वी पाचव्या-चौथ्या शतकाचा. त्या प्रदेशातील म्हाळुंगाचा हा सर्वांत जुना पुरावा समजला जातो. फुलाची पूड गिलाव्यात बसली आणि अडीच हजार वर्षांनी तिने साक्ष दिली.

मांडवांचा सण

ज्यू लोकांचे वर्ष आपल्याप्रमाणेच चंद्राच्या गतीवर चालते आणि अधिक महिना धरून ऋतूंशी जुळवून घेतले जाते. त्यांच्या तिश्री महिन्याच्या पंधराव्या दिवशी 'सुक्कोत' हा सण सुरू होतो. आपल्याकडे तेव्हा भाद्रपद किंवा आश्विन पौर्णिमेचा सुमार असतो. मराठी बायबलात याला मांडवांचा सण म्हटले आहे. इजिप्तमधील गुलामगिरीतून सुटल्यावर पूर्वज वाळवंटात खोपटी करून राहिले, त्याची आठवण म्हणून घराबाहेर झाडांच्या फांद्यांनी शाकारलेला मांडव घालतात. सात दिवस त्यात बसून जेवतात, काही जण झोपतातही. हाच हंगाम अखेरच्या सुगीचाही आहे.

या सणात चार वनस्पती हातात घेऊन प्रार्थना करायची असते. खजुरीचा न उलगडलेला कोवळा झाप म्हणजे 'लुलाव', मर्टल नावाच्या सुगंधी झुडपाच्या तीन डहाळ्या म्हणजे 'हदास', वाळुंजाच्या जातीच्या झाडाच्या दोन डहाळ्या म्हणजे 'अरावा', आणि चौथे एत्रोग. डहाळ्यांची जुडी उजव्या हातात आणि फळ डाव्या हातात धरतात. दोन्ही हात एकत्र आणून चारी दिशांना, वर आणि खाली हालवतात. परमेश्वर सर्वत्र आहे असा त्याचा अर्थ सांगतात. शब्बाथच्या, म्हणजे शनिवारच्या, विश्रांतीच्या दिवशी मात्र हा विधी करीत नाहीत.

येथे एक गंमत आहे. ज्यूंच्या मूळ धर्मग्रंथात, म्हणजे तोरामध्ये, 'एत्रोग' हा शब्द आलेलाच नाही. लेवीय नावाच्या पुस्तकात सुंदर झाडाचे फळ घ्यावे एवढाच उल्लेख आहे. ते फळ कोणते? पुढच्या काळातील धर्मपंडितांनी त्याचा खल केला. ज्या झाडाच्या लाकडाला आणि फळाला सारखीच चव असते ते हे झाड, असे एक लक्षण त्यांनी सांगितले. ज्याचे फळ वर्षभर झाडावरच मुक्कामाला राहते ते हे झाड, असे दुसरे. म्हाळुंगाला ही लक्षणे चांगली लागू पडतात. या झाडाला कळ्या, कोवळी फळे आणि पिकली फळे एकाच वेळी दिसू शकतात. ग्रीक वनस्पतिशास्त्रज्ञ थिओफ्रास्टस यानेही इसवी सनापूर्वी चौथ्या शतकाच्या शेवटी हे वैशिष्ट्य नोंदवले आहे.

चार वनस्पती, चार अवयव

आरोग्याच्या पानावर सांगायलाच हवी अशी एक कल्पना ज्यूंच्या जुन्या भाष्यग्रंथांत आहे. या चार वनस्पती म्हणजे माणसाच्या शरीराचे चार भाग, असे तेथे म्हटले आहे. खजुरीचा सरळ झाप म्हणजे पाठीचा कणा. मर्टलचे छोटे लांबट पान म्हणजे डोळा. अरावाचे निमुळते पान म्हणजे ओठ, अर्थात तोंड. आणि एत्रोग म्हणजे हृदय. कणा, डोळा, तोंड आणि हृदय ही चारही एकत्र बांधली गेली की माणूस पुरा होतो, असा त्याचा मथितार्थ.

दुसरी कल्पना समाजाविषयी आहे. एत्रोगला चवही आहे आणि वासही आहे. ज्याच्याकडे ज्ञान आहे आणि सत्कर्मही आहे अशा माणसासारखे ते आहे. खजुराला चव आहे पण वास नाही. मर्टलला वास आहे पण चव नाही. अरावाला दोन्ही नाही. तरीही प्रार्थनेच्या वेळी चारही हातात हवेत. एक जरी कमी असेल तर विधी पुरा होत नाही. ज्याच्यात काही नाही असे वाटते त्यालाही जुडीत घेतल्याशिवाय समाज पुरा होत नाही, ही शिकवण कोणत्याही धर्माच्या माणसाने मनात ठेवावी अशीच आहे.

इतिहासातील एत्रोग

एत्रोगने राजकारणही पाहिले आहे. अलेक्झांडर यानाई हा ज्यूंचा राजा आणि मुख्य पुरोहित होता (राज्यकाल इ. स. पूर्व १०३ ते ७६). सुक्कोतच्या सणात तो वेदीपाशी उभा असताना त्याच्यावर चिडलेल्या लोकांनी हातातली म्हाळुंगे त्याच्यावर फेकली, अशी हकिकत जोसेफस या इतिहासकाराने लिहिली आहे. राजाने सैन्य सोडले आणि सुमारे सहा हजार माणसे मारली गेली, असे तो सांगतो.

पुढे रोमन सत्तेविरुद्ध ज्यूंनी बंड केले तेव्हा बंडाच्या चौथ्या वर्षी, म्हणजे इ. स. ६९-७० मध्ये, पाडलेल्या तांब्याच्या नाण्यांवर एत्रोगचे चित्र आहे. दुसरे मोठे बंड बार कोखबा याच्या नेतृत्वाखाली इ. स. १३२ ते १३५ मध्ये झाले. त्याच्याही चांदीच्या नाण्यांवर लुलाव व एत्रोग आहेत. मृत समुद्राजवळच्या एका गुहेत १९६०-६१ च्या सुमारास पुरातत्त्वज्ञ यिगाएल यादिन यांना बार कोखबाची पत्रे सापडली. त्यातील एका पत्रात आपल्या छावणीसाठी खजुरीचे झाप, म्हाळुंगे, मर्टल आणि अरावा पाठवण्याची आज्ञा आहे. युद्ध ऐन भरात असताना सेनापती सणाच्या फळांची व्यवस्था लावतो, यावरून या फळाचे महत्त्व कळावे.

फळाची परीक्षा

विधीसाठी एत्रोग निवडणे ही फार काटेकोर गोष्ट आहे. सणाआधी बाजारात वयस्कर माणसे भिंग हातात घेऊन एकेक फळ न्याहाळताना दिसतात. इ. स. २०० च्या सुमारास संकलित झालेल्या 'मिश्ना' या ग्रंथात याचे नियम आले आहेत. फळाच्या बऱ्याचशा भागावर फोडासारखे उंचवटे असले तर ते चालत नाही. सोललेले, चिरलेले, भोक पडून काही भाग गेलेले फळ चालत नाही. फार लहान असू नये. किमान आकार अक्रोडाएवढा की अंड्याएवढा यावर पंडितांमध्ये मतभेद झाले. हिरवेगार फळ चालते की नाही यावरही वाद झाला. फळाच्या निमुळत्या टोकाकडील भागावर बारीकसा काळा ठिपकासुद्धा दोष मानतात. पाने घासून पडलेले तपकिरी वण मात्र सामान्यतः चालतात.

फळाच्या टोकाला फुलातील मादी अवयवाचा जो दांडा शिल्लक राहतो त्याला 'पितम' म्हणतात. मुळात पितम असलेल्या फळाचा तो मोडला तर फळ बाद होते. म्हणून एत्रोग तागाच्या किंवा अंबाडीसारख्या मऊ तंतूंत गुंडाळून पेटीत ठेवतात. श्रीमंत घरांत त्यासाठी चांदीची नक्षीदार पेटी असते. बहुतेक फळांचा हा दांडा वाढीच्या काळात आपोआप गळतो. तो गळू नये म्हणून वनस्पतींच्या वाढीवर परिणाम करणारे विशिष्ट रसायन कळीच्या वेळी फवारण्याची पद्धत हिब्रू विद्यापीठाचे एलिएझर गोल्डश्मिट यांच्या १९७० च्या दशकाच्या सुरुवातीच्या संशोधनातून पुढे आली.

आणखी एक मोठा वाद कलमांचा. म्हाळुंगाचे झाड नाजूक व अल्पायुषी असते. म्हणून शेतकरी ते कडू संत्र्याच्या किंवा लिंबाच्या खुंटावर बांधतात. परंतु कलमी झाडाचे फळ शुद्ध एत्रोग नव्हे असा निर्णय सोळाव्या शतकापासून अनेक धर्मपंडितांनी दिला. तेव्हापासून कोणत्या गावचे फळ शुद्ध याची चौकशी सुरू झाली. इटलीतील कालाब्रिया, ग्रीसमधील कोर्फू बेट, मोरोक्कोच्या डोंगरातील आसाद्स, येमेन आणि इस्रायल ही एत्रोगची नामांकित ठिकाणे. निर्दोष फळाला काही डझन डॉलरपासून शेकडो डॉलरपर्यंत किंमत पडते. 'उशपिझिन' या २००४ सालच्या इस्रायली चित्रपटातील गरीब नायक हजार शेकेलचे एत्रोग आणतो आणि घरी आलेला पाहुणा ते न कळून सॅलडमध्ये चिरून टाकतो! त्या प्रसंगी त्या माणसाच्या पोटात काय कालवले असेल ते एवढी माहिती झाल्यावर आपणही समजू शकतो.

सणानंतर फळाचे काय होते?

सात दिवस ते फळ पूजेसाठी राखून ठेवलेले असते, खायचे नसते. सण संपला की गृहिणी त्याचा मुरंबा करतात. काही ठिकाणी हा मुरंबा 'तू बिश्वात' या झाडांच्या नववर्षापर्यंत, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीपर्यंत, राखून ठेवतात आणि त्या दिवशी खातात. पुढच्या वर्षी चांगले एत्रोग मिळावे अशी प्रार्थनाही तेव्हा करतात. काही जण वाळणाऱ्या फळात लवंगा टोचून ठेवतात आणि शनिवारी सूर्यास्तानंतर शब्बाथला निरोप देताना त्याचा सुवास घेतात.

आपल्या बेने इस्रायल बांधवांचाही येथे उल्लेख केला पाहिजे. कोकणच्या किनाऱ्यावर, आजच्या रायगड जिल्ह्यात, शतकानुशतके तेलाच्या घाण्याचा व्यवसाय करणारा आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारा हा समाज. म्हणून त्यांना 'शनवार तेली' म्हणत. मराठी हीच त्यांची घरची भाषा. मुंबई, ठाणे, पुणे आणि रायगड येथील त्यांच्या प्रार्थनास्थळांत सुक्कोतचा मांडव घातला जातो. त्यांचा खास असा 'मलिदा' विधी इतर ठिकाणच्या ज्यूंत नाही. भिजवलेले पोहे, ओले खोबरे, साखर आणि निरनिराळी फळे एकत्र ठेवून एलिया संदेष्ट्याचे स्मरण करतात. फळ हातात घेऊन, त्याचा वास घेऊन देवाचे आभार मानण्याची ज्यू परंपरा अशी मराठी ताटातही आली आहे.

औषध म्हणून म्हाळुंग

आता मुख्य विषयाकडे वळू. आयुर्वेदाने मातुलुंगाचा फार बारकाईने विचार केला आहे. साल, पांढरा गर, आतील रसाळ केसर आणि बिया यांचे गुण वेगवेगळे सांगितले आहेत. केसर हलका, अग्निदीपक, तोंडाला रुची आणणारा. साल कडू व पचायला जड. अरुची, मळमळ, उलटी, पोटदुखी यांत केसराचा उपयोग सांगितला आहे. आपल्याकडे म्हाळुंगाचा पाक पित्तावर आणि गर्भवतीच्या मळमळीवर देण्याची घरगुती पद्धत आहे. लोणचे व मुरंबाही घालतात.

आधुनिक दृष्टीने पाहिले तर म्हाळुंगाच्या रसात सायट्रिक आम्ल व 'क' जीवनसत्त्व असते, सालीत सुगंधी तेल असते आणि पांढऱ्या गरात पेक्टिनसारखा चोथा असतो. 'क' जीवनसत्त्वाच्या अभावी हिरड्या सुजतात, रक्त येते, जखमा भरत नाहीत. या रोगाला स्कर्व्ही म्हणतात. १७४७ साली जेम्स लिंड या ब्रिटिश नौदलाच्या डॉक्टरने आजारी खलाशांना संत्री व लिंबे देऊन ते लवकर बरे होतात हे दाखवले. आपल्या रोजच्या जेवणात भाकरी व पालेभाजीतून जे लोह मिळते ते शरीरात नीट शोषले जाण्यासाठीही 'क' जीवनसत्त्वाची मदत होते. म्हणून रक्त कमी असणाऱ्या स्त्रियांनी व मुलींनी जेवणात लिंबू जरूर पिळावे. प्रौढ पुरुषाला रोज सुमारे ८० मिलिग्रॅम व स्त्रीला ६५ मिलिग्रॅम 'क' जीवनसत्त्व मिळावे अशी भारतीय शिफारस आहे. परंतु हे जीवनसत्त्व उष्णतेने नष्ट होते. तेव्हा म्हाळुंगाचा मुरंबा चवीसाठी खावा, 'क' जीवनसत्त्वासाठी आवळा, पेरू आणि ताजे लिंबू हेच स्वस्त व खात्रीचे मार्ग आहेत.

श्रद्धा कोठवर, उपचार कोठून?

या फळाभोवती काही समजुतीही जमल्या आहेत. त्यांचा आदर ठेवूनच त्यांची वैद्यकीय बाजू पाहिली पाहिजे.

पहिली समजूत विषासंबंधी. म्हाळुंग हा विषावरचा उतारा आहे असे थिओफ्रास्टसने लिहिले. बाबिलोनच्या ज्यू पंडितांच्या 'तालमूद' ग्रंथातही, रात्री उघडे राहिलेले आणि सापाने तोंड लावल्याची शंका असलेले पाणी कोणी प्यायले तर गोड एत्रोग कोरून त्यात मध भरावा, निखाऱ्यावर भाजावा आणि खावा असा उपाय सांगितला आहे. त्या काळी याहून चांगले काही हाती नव्हते. आज आहे. आपल्या खेड्यांत अजूनही साप चावल्यावर लिंबू चोखायला देणे, मिरची चाखवणे, मांत्रिकाकडे नेणे यात मोलाचा वेळ जातो. कोणत्याही फळाने सर्पविष उतरत नाही. नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चारही सापांच्या विषावर चालणारी प्रतिविषाची लस हाच उपचार. रुग्णाला धीर द्यावा, चावलेला अवयव हलू देऊ नये, जखम कापू अथवा चोखू नये, आवळून दोरी बांधू नये आणि वाहन मिळेल तसे सरकारी रुग्णालयात पोचावे.

मुंबईच्या ज्या हाफकिन संस्थेचे नाव सर्पविषावरील लसीशी जोडलेले आहे, ती ज्यांच्या नावाने ओळखली जाते ते डॉ. वाल्डेमार हाफकिन हे स्वतः ज्यू होते. मुंबईत प्लेगने थैमान घातले असताना त्यांनी येथेच लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती प्रथम स्वतःला टोचून घेतली. उत्तरायुष्यात ते अत्यंत धर्मनिष्ठ झाले. परंतु साथीशी लढताना त्यांनी प्रयोगशाळेचीच कास धरली. श्रद्धा आणि उपचार यांची जागा कशी ओळखावी याचे याहून चांगले उदाहरण कोणते?

दुसरी समजूत बाळंतपणासंबंधी. ज्ञानवृक्षाचे जे फळ हव्वेने खाल्ले ते एत्रोगच होते असे काही ज्यू भाष्यकारांचे मत आहे. त्यावरून पूर्व युरोपातील ज्यू स्त्रियांत एक रिवाज पडला. सणाच्या सातव्या दिवशी गर्भवती स्त्री एत्रोगचा पितम दाताने तोडते आणि सुखरूप सुटकेची प्रार्थना करते. एत्रोग खाणारीला सुगंधी मुले होतात असेही तालमूदमध्ये म्हटले आहे. आपल्याकडील डोहाळजेवणाची ओटी आठवावी, भावना तीच. अशा प्रथांनी स्त्रीला मानसिक आधार मिळतो, सारे घर तिची काळजी घेते, हे चांगलेच. मात्र सुटका सुखरूप होण्यासाठी नियमित तपासणी, लोह व फॉलिक आम्लाच्या गोळ्या, धनुर्वाताची लस, रक्तदाबावर लक्ष आणि दवाखान्यात बाळंतपण या गोष्टींना पर्याय नाही.

निर्दोष फळ म्हणजे निरोगी फळ नव्हे

एत्रोगच्या कथेतून सर्वांत महत्त्वाचा धडा मिळतो तो असा. पूजेचे फळ डागरहित हवे म्हणून त्यावर कीटकनाशकांची वारंवार फवारणी होते. ते खाण्यासाठी नव्हे, दिसण्यासाठी पिकवलेले असते. म्हणून सणानंतर त्याचा मुरंबा करणाऱ्यांना इस्रायल व अमेरिकेतही सावधगिरीच्या सूचना दिल्या जातात आणि काही घरे खाण्यासाठी मुद्दाम बिनफवारणीचे फळ मिळवतात. ज्यूंच्या परीक्षेत ते फळ पहिल्या नंबरचे असेल, पण पोटाच्या परीक्षेत ते उत्तीर्ण होईलच असे नाही.

आपणही बाजारात हीच चूक करतो. एक डाग नसलेली वांगी, चकचकीत सफरचंदे, एकसारखी पिवळी केळी आपण हौसेने निवडतो. गिऱ्हाईक डाग पाहून नाक मुरडते म्हणून शेतकरी आणखी एक फवारणी करतो आणि तेच आपल्या ताटात येते. सालीवरचा वण ही बहुधा फक्त रूपाची उणीव असते. कुजका, बुरशीचा भाग मात्र खरा दोष. हा फरक गृहिणींनी ओळखला तर कुटुंबाचे आणि शेतकऱ्याचेही भले होईल.

म्हाळुंग खाताना घ्यावयाची काळजी

१) ज्या फळाची साल खायची आहे ते माहितीच्या झाडाचे, फवारणी न केलेले घ्यावे. वाहत्या पाण्याखाली हाताने किंवा मऊ ब्रशने चोळून धुवावे. धुण्याने वरचा अंश कमी होतो, सालीत मुरलेले औषध जात नाही.

२) मुरंब्यासाठी साल-गराच्या पातळ फोडी करून रात्रभर पाण्यात भिजत घालाव्यात. ते पाणी टाकून, ताज्या पाण्यात उकळून पुन्हा पाणी टाकावे. असे दोन-तीन वेळा केल्यावर कडवटपणा जातो. मग बरोबरीने साखर घालून मंद आचेवर पाक आटवावा. ज्यू गृहिणींची कृतीही जवळजवळ हीच आहे.

३) मधुमेही व्यक्तींनी मुरंबा, पाक व साखरेत घोळलेली साल टाळावी. फळ औषधी असले तरी साखर ही साखरच.

४) लिंबूवर्गातील काही फळांत फ्युरानोकुमारिन नावाची द्रव्ये असतात. ती म्हाळुंगातही असतात. अशाच द्रव्यांमुळे ग्रेपफ्रूट खाणाऱ्या रुग्णांत रक्तदाबाची व कोलेस्टेरॉलची काही औषधे रक्तात जास्त प्रमाणात साठतात असे आढळले आहे. अशी औषधे चालू असल्यास म्हाळुंगाचा पाक रोज घेण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे.

५) सालीचे तेल किंवा रस अंगावर लागलेला असताना कडक उन्हात जाऊ नये. त्या जागी लाल चट्टे, फोड व नंतर काळे डाग पडू शकतात. लहान मुलांच्या अंगाला तर चोळूच नये.

६) आंबट रस वारंवार चोखल्याने दातांवरील कवच झिजते. रस घेतल्यावर चूळ भरावी आणि लगेच दात घासू नयेत. अल्सर किंवा तीव्र आम्लपित्त असणाऱ्यांनी रिकाम्या पोटी घेऊ नये.

७) मळमळ, उलटी, पोटदुखी दोन दिवसांत न थांबल्यास, उलटीत रक्त दिसल्यास किंवा लघवी कमी झाल्यास घरगुती उपाय थांबवून तातडीने तपासून घ्यावे.

शेवटी एक सूचना. म्हाळुंगाचे झाड बियांपासून येते, परसात सहज वाढते आणि तीन-चार माणसांच्या घराला दोन झाडे पुरून उरतात. हिमालयाच्या पायथ्यापासून जेरुसलेमपर्यंत गेलेले हे फळ एका समाजाने इतक्या दूरदेशी, इतक्या संकटांत टिकवले. ज्या भूमीतून ते गेले तेथे ते केवळ देवीच्या हातात उरावे, हे बरे नव्हे. या पावसाळ्यात जागा असणाऱ्यांनी एक रोप जरूर लावावे. काटे असतात, तेव्हा मुलांच्या खेळण्याच्या जागेपासून थोडे दूर लावावे एवढेच.